सुयामाची उभी काठी

पूर्वी मंदारावती नावाच्या नगरात सुप्रभ राजा राज्य करीत होता. त्या जन्मी बोधिसत्त्व त्याच राजाच्या दरबारी अमात्य होता आणि सुयाम हे त्याचे नाव होते. गोष्ट सुयामाचीच आहे. पण ती नीट कळायची तर त्याचा बालमित्र पिंगल श्रेष्ठी याच्या मागे मागे जावे लागते. कारण जे काही घडले ते पिंगलाच्या डोळ्यांसमोर घडले, आणि बरेचसे त्याच्या पोटात घडले.

मंदारावतीची राज्य करण्याची रीत इतर नगरांसारखी नव्हती. फार वर्षांपूर्वी गोभद्र नावाचा एक तापस तिथे राहून गेला होता. त्याने तेव्हाच्या राजाला सांगितले, "राजा, ज्याला एखाद्या कामाची फार घाई असते, त्याला त्या कामातले खड्डे दिसत नाहीत. ज्याला ते काम नको असते, त्याला प्रत्येक खड्डा दिसतो. म्हणून काम करायचे ठरले, की ते नको म्हणणाऱ्याच्या हाती दे. तो जपून चालेल, बेताने खर्च करील."

राजाला हे पटले. तेव्हापासून नगरात प्रतीपनीती चालू झाली. ग्रंथातले नाव ते. लोक तिला उलट धुरा म्हणत. सभेत कुठलेही काम निघाले की प्रत्येक गृहस्थ आपली काठी पुढे करी. काम हवे असेल तर काठी उभी धरायची, नको असेल तर आडवी टाकायची. एक जरी काठी उभी राहिली तरी काम करायचे. ज्याने सर्वांत जोरदार विरोध केला असेल, त्याच्या खांद्यावर कामाची धुरा द्यायची. आणि ज्याची काठी उभी, त्याने टोपली उचलायची. घरचे बैल आणि गडीही त्यानेच कामाला लावायचे. एकही काठी उभी राहिली नाही, तर काम सोडून द्यायचे. गोभद्र म्हणे, ज्या कामासाठी एकही डोके टोपलीखाली यायला तयार नाही, ते काम नगराला नकोच आहे. पुढे कुणाचे मन बदलले तर त्यालाही वाट ठेवली होती. त्याने कामाच्या जागी जाऊन आपली काठी जमिनीत उभी रोवावी, की झाले.

आता बघा, रीत काही वाईट नव्हती. नदीवरचा दोरांचा पूल हवाच, असे एका गृहस्थाने म्हटले आणि "तो पडेल, मी सांगतो तो पडेल," असे दुसऱ्याने ओरडून सांगितले. पूल त्या दुसऱ्याने बांधला. पडण्याच्या भीतीने त्याने इतके दोर आवळले, की त्याच्या नातवाचे नातू त्यावरून गुरे नेत होते.

पण मधल्या एका राजाला वाटले, बिचारा नको असलेले काम करतो आहे, त्याचा काही मान ठेवावा. म्हणून त्याने धुरा वाहणाऱ्याच्या डोक्यावर पांढरे छत्र धरायला सांगितले. काम चालेल तितके दिवस तो छत्राखाली बसेल, येणाराजाणारा त्याला नमस्कार करील. झाले! छत्र आले आणि नगराची जीभ फिरली.

ज्याला जे हवे, ते त्याला नको वाटू लागले. बाजारात नवी वाट पाडायची असली, की ज्याचे दुकान त्या वाटेवर येणार तोच छाती बडवून म्हणे, "माझ्या प्रेतावरून वाट न्या!" सोयरीक करायला गेलेले लोक म्हणत, "तुमची मुलगी आम्हाला मुळीच पसंत नाही," आणि मुलीकडचे आनंदाने गूळ वाटत. जेवायला बसलेल्या पाहुण्याने "खीर नको" म्हटले, तर वाढणारी सगळे पातेलेच त्याच्यापुढे ठेवी. परगावच्या माणसावर मात्र दोन दिवसांत वेडे व्हायची पाळी येई.

आमचा पिंगल श्रेष्ठी या विद्येत अगदी तयार होता. त्याचा आवाज मोठा, मिशा मोठ्या आणि नाक फुगवून "छे!" म्हणण्याची ढब अशी, की ऐकणाऱ्याला स्वतःच्या आईच्या नावाचीही शंका यावी. याआधी दोनदा तो छत्राखाली बसला होता. तिसऱ्यांदा धुरा वाहणाऱ्याला मरेपर्यंत सभेत राजाच्या उजव्या हाताला बसायचा मान मिळे. ती जागा पिंगलाला रोज डोळ्यांसमोर दिसे.

नगराच्या वरच्या अंगाला मोठे तळे होते आणि तळ्याच्या बांधाखाली तळवाडा नावाची वस्ती होती. तिथे कुंभार, बुरूड, कोष्टी राहत. पिंगलाची मुलगी तरला तिथल्याच एका कोष्ट्याच्या घरी दिलेली. तिने स्वतःच पसंत केलेला नवरा. पिंगलाने तेव्हा मनापासून "नको" म्हटले होते, पण नगराच्या रीतीने सगळ्यांनी ते "हो" धरले आणि लग्न लागून गेले. पुढे जावई चांगला निघाला म्हणून बरे.

तळे भरले की जादा पाणी निघून जाण्यासाठी बांधाच्या टोकाला सांडवा होता. त्या वर्षी वरच्या रानातून एक जुने जांभळीचे झाड मुळासकट वाहत आले आणि सांडव्याच्या तोंडात आडवे अडकले. त्याच्यामागे गाळ साचला, गाळावर लव्हाळे उगवले, आणि पाणी बाहेर जायचे बंद झाले. तळे हळूहळू चढू लागले.

पिंगल नात बघायला तळवाड्यात गेला होता. तरला बाळंत होऊन महिना झाला होता. पिंगलाने ओसरीवर पाय ठेवला तर जमीन ओली.

"सारवलंस का गं आत्ताच?" त्याने विचारले.

"नाही बाबा. जमिनीतूनच येतं. चुलीच्या खड्ड्यातसुद्धा पाणी पाझरतं. बांध आतून भिजलाय."

पिंगल म्हणाला, "तू आजच्या आज माझ्याकडे चल. बाळाला घे आणि चल."

"मी येईन हो. पण सासूबाई खाटेवरून हलत नाहीत. शेजारच्या कुंभारणीला तिळी पोरं. पलीकडे बुरूडआजोबा आंधळे. सगळ्यांना न्याल का तुमच्या ओसरीवर?" तरला हसून म्हणाली, पण तिचे डोळे हसत नव्हते. "त्यापेक्षा सांडवा मोकळा करा ना. आम्ही सगळे टोपल्या घेऊन यायला तयार आहोत, पण सभेच्या हुकमाशिवाय तळ्याला कुदळ लावता येत नाही. आणि तळवाड्याला सभेत काठी नाही. शिवाय ते झाड हातांनी हलायचं नाही. त्याला वरच्या नगरातल्या बैलजोड्याच हव्यात. बाबा, तुम्ही सभेत हो म्हणाल ना?"

"अगं वेडे," पिंगल मिशांवरून हात फिरवीत म्हणाला, "मी हो म्हटलं तर माझ्या डोक्यावर टोपली येईल. मी असा कडाडून नाही म्हणतो, की धुरा माझ्याच हाती आली पाहिजे. मग बघ, कसा भराभर उरकतो ते!"

"आणि हो कोण म्हणणार?"

"म्हणेल की कुणीतरी," पिंगल म्हणाला. "एवढं मोठं नगर आहे."

सभा भरली. राजा सुप्रभ साधा, मवाळ माणूस. कपाळाला हात लावून ऐकत बसायची त्याला सवय. सुयाम अमात्य त्या वेळी सीमेवरच्या गावी गुरांच्या कुरणाचे भांडण मिटवायला गेला होता. सांडव्याचा विषय निघाला तसा पिंगल उठला. सांडवा मोकळा केला तर मासे वाहून जातील, मासे गेले की बगळे जातील, बगळे गेले की नगराची शोभा जाईल, असे तो बोलला. बोलणे सुंदर झाले. त्याने काठी आडवी टाकली आणि ऐटीत बसला.

मग मेघक सावकार उठला. हा पिंगलाचा जुना वैरी. तो म्हणाला, ते जांभळीचे झाड म्हणजे नगराचे पाहुणे आहे, पाहुण्याला बैल लावून ओढणे शोभत नाही. त्याचीही काठी आडवी. मग तिसरा, मग चौथा. एकापेक्षा एक युक्तिवाद! एकाने तर पाणी हे मुळात ओले नसतेच असे सिद्ध करीत आणले होते. राजाने पाणी प्यायला मागितले म्हणून ते अर्धवट राहिले.

शेवटी राजाने मान उंचावून पाहिले. सगळ्या सभागृहात काठ्या आडव्या. जणू मोळी सुटून पडली होती.

"उभी कुणाचीच नाही?" राजाने विचारले.

प्रत्येक जण शेजाऱ्याकडे बघत होता. पिंगल मेघकाकडे बघत होता, मेघक पिंगलाकडे.

"बरं," राजा म्हणाला, "म्हणजे नगराला सांडवा मोकळा नकोच आहे. मला आपलं उगाच वाटत होतं. सोडून देऊ."

सभा उठली. बाहेर पायऱ्यांवर पिंगल मेघकाला म्हणाला, "तू उभी धरायचीस!"

"मी? तुझी मुलगी राहते तिथे. तू धरायचीस!"

"माझी मुलगी राहते म्हणूनच मला धुरा हवी होती!"

"आणि माझी गोदामं राहतात तिथे," मेघक म्हणाला, आणि दोघेही एकमेकांकडे तोंड वासून बघत राहिले.

पिंगल घरी आला तो जेवलाच नाही. बायको उत्पला वाढता वाढता थांबली. "आमटी नको?"

"नको."

तिने पातेले उचलून त्याच्यापुढे ठेवले.

"अगं खरंच नको!" तो ओरडला. त्याबरोबर तिने भाताचेही पातेले आणले. पिंगलाने कपाळावर हात मारून घेतला. उत्पलेने सगळे ऐकून घेतले आणि म्हणाली, "पुढच्या सभेत तुम्हीच उभी धरा की."

"धरेन," पिंगल म्हणाला. पण त्याला छत्राखाली बसलेला मेघक दिसला आणि त्याच्यापुढून डोक्यावर चुंबळ ठेवून गाळाची टोपली नेणारा तो स्वतः दिसला. मेघक वरून म्हणतो आहे, "जरा पाय उचल, पिंगला." ते चित्र त्याला गिळवेना.

इतक्यात सुयाम परत आल्याची बातमी कळली. पिंगल उठून तडक त्याच्याकडे गेला. सुयाम अंगणात आपल्या बैलांना वैरण घालीत होता. नगराचा अमात्य असला तरी त्याची एकच बैलजोडी होती, तीही म्हातारी. लोक म्हणत, या वेळची धुरा सुयामाचीच. बोलायला तो उठला तर पिंगलाचा मोठा आवाजही फिका पडे, हे पिंगलालाही ठाऊक होते. सुयामही दोनदा छत्राखाली बसलेला. म्हणजे उजव्या हाताची ती जागा दोघांपैकी एकाला मिळणार हे उघड होते.

"सुयामा, पुढच्या सभेत तू सांडव्याला नाही तर म्हणणार नाहीस ना?" पिंगलाने विचारले.

"पिंगला, सांडवा मोकळा व्हावा असं तुला वाटतं?"

"वाटतं म्हणजे काय! माझी पोर आहे तिथे. नात आहे."

"मग तसं सांगत का नाहीस?"

"काय बोलतोस!" पिंगल दचकून म्हणाला. "तसं सांगितलं तर लोकांना खरं वाटेल ना!"

सुयाम इतका हसला की बैलही मान वळवून बघू लागले. पिंगलही हसला, पण त्याला आपण काय बोललो ते नंतर कळले आणि मग त्याचे हसू ओसरले.

"गोभद्राने रीत चांगली घालून दिली," सुयाम म्हणाला. "ज्याला खरी भीती वाटते त्याने धुरा घ्यावी, असं तो म्हणाला. आपण भीतीचं सोंग आणतो. सोंगाला खड्डे कुठे दिसतात?"

"ते खरं रे. पण सगळेच आणतात."

"हो ना," सुयाम म्हणाला आणि पुन्हा वैरण घालू लागला. पिंगलाला वाटले, हा काही वचन देत नाही, म्हणजे हाच धुरा घेणार.

दुसरी सभा भरली तेव्हा बांधाच्या कडेपासून पाणी हातभर खाली होते. पुन्हा तेच. मासे आले, बगळे आले, पाहुणे झाड आले. पिंगल बोलायला उठला. त्याने मनाशी ठरवले होते, की आज "हो" म्हणायचे. त्याने तोंड उघडले. आणि बघा सवय कशी असते, त्याच्या तोंडून नेहमीचे "छे!" बाहेर पडले. ते पडल्यावर पुढचे भाषण आपोआप आले, आणि काठी आपोआप आडवी झाली. त्याला वाटले, आपला हात आपला नाही.

सर्वांत शेवटी सुयाम उठला. सभा सावरून बसली; आता खरे बोलणे ऐकायला मिळणार म्हणून. सुयाम एवढेच म्हणाला, "महाराज, पाणी हातभर खाली आहे. सांडवा मोकळा झाला पाहिजे." आणि त्याने काठी उभी धरली.

मागच्या बाजूला कुणीतरी फिसकन हसले आणि हसू सभाभर पसरले.

"अहो अमात्य, तुमची काठी चुकून उभी राहिली आहे!" मेघक म्हणाला.

"चुकून नाही."

"प्रवासाचा शीण असेल. बसा, पाणी प्या."

"पाणी तळ्यात फार झालं आहे, मेघका, म्हणून तर म्हणतो," सुयाम म्हणाला.

राजा पुढे वाकला. "सुयामा, आज तू नाही म्हणालास आणि पुढे कुणी काठी उभी धरली, तर धुरा तुझी आणि माझ्या उजव्या हाताची जागाही तुझी. हो म्हणालास तर टोपली. या वयात टोपली! तुला माहीत आहे ना?"

"माहीत आहे, महाराज. मला ती जागा आवडते. तिथून वारा चांगला येतो. पण पाणी तोवर थांबायचं नाही."

त्याच्या आवाजात राग नव्हता, टोमणा नव्हता. उन्हात वाळत घातलेले कापड घरात आणा असे कुणी सांगावे, तितक्या सहज तो बोलला. राजा हसला आणि त्याने हुकूम दिला. धुरा पिंगलाच्या हाती आली.

म्हणजे पिंगलाला हवे ते सगळे मिळाले, बरं का. बांधावर पांढरे छत्र लागले. त्याखाली पाट मांडला. पिंगल पाटावर बसला. खाली सांडव्यात सुयाम अमात्य डोक्यावर चुंबळ ठेवून गाळाच्या टोपल्या उचलू लागला. तळवाड्याचे लोक आपापल्या टोपल्या घेऊन धावले. पण जांभळीचे झाड ओढायला सुयामाची म्हातारी बैलजोडी तेवढी होती. बैल ओढत, दोर ताणला जाई, झाड करकरे आणि पुन्हा होते तिथेच बसे. वरच्या नगरातले गृहस्थ उपरणी सावरीत बांधावर उभे राहून गंमत बघत होते.

"पिंगला!" सुयाम खालून ओरडला. "तू विरोधक ना? मग सांग, कुठे चुकतंय?"

पिंगलाने प्रथमच नीट पाहिले. "दोर फार वर बांधलाय," तो म्हणाला. "मुळाशी बांध. आणि गाळ डाव्या बाजूने काढ, नाहीतर झाड तुझ्याच अंगावर येईल."

"शाब्बास! गोभद्र बरोबर होता," सुयाम हसून म्हणाला आणि त्याने दोर मुळाशी बांधला.

पिंगलाला ते ऐकून बरे वाटले आणि लगेच लाजही वाटली. तेवढ्यात तरला बांध चढून वर आली. तिच्या एका काखेत टोपली होती, दुसऱ्या हातात बाळ.

"बाबा, तुम्ही इथे बसणारच आहात ना? मग हिला धरा. इथे सावलीपण आहे." असे म्हणून तिने बाळ त्याच्या मांडीवर ठेवले, पदर खोचला आणि खाली उतरली.

"अगं तू? अजून दोन महिनेही झाले नाहीत तुला!"

"पाणी काय माझ्यासाठी थांबणार?" ती खालून म्हणाली आणि तिने टोपली भरून डोक्यावर घेतली.

पिंगल छत्राखाली बसून राहिला. मांडीवर नात, समोर गाळाने माखलेली मुलगी, तिच्या पुढे पांढऱ्या केसांचा मित्र. येणाराजाणारा रीतीप्रमाणे पिंगलाला नमस्कार करीत होता. प्रत्येक नमस्कार त्याला खड्यासारखा लागत होता. पाणी आता वीतभरच खाली राहिले होते. नातीने त्याच्या मिशा घट्ट धरल्या आणि ओढल्या. कुणी पाठीवर थाप मारून उठवावे तसा पिंगल उठला.

"मेघका!" तो गरजला. "इकडे ये. हे छत्र तुझं. आणि ही छत्राबरोबरच येते." त्याने नात मेघकाच्या हातात दिली, बांधावरून खाली उडी टाकली आणि आपली काठी गाळात खच्चून उभी रोवली. "माझी उभी!" तो ओरडला. "माझे बैल आणा रे! सगळे आणा!"

रीतीप्रमाणे धुरा पुढच्या विरोधकाकडे, म्हणजे मेघकाकडे गेली. मेघक छत्राखाली बसला. आयुष्यभर ज्याची वाट पाहिली ते छत्र! तो जेमतेम मिशांना पीळ देतो आहे, तोच नातीने त्याचे रेशमी धोतर ओले करून टाकले. बांधावर असे हसू फुटले की बगळे उडाले. मेघक आधी रागावला, मग त्याचे लक्ष खाली गेले. पिंगलाच्या बैलांनी झाड हातभर सरकवले होते, आणखी थोडे बैल असते तर ते निघालेच असते.

"माझी गोदामं आहेत तिथे," मेघक स्वतःशीच पुटपुटला. मग मोठ्याने म्हणाला, "धोतर तर गेलंच आहे!" आणि बाळ शेजारच्याच्या हातात देऊन तोही काठी घेऊन खाली उतरला.

मग काय विचारता! छत्र आणि बाळ एकाकडून दुसऱ्याकडे, दुसऱ्याकडून तिसऱ्याकडे जाऊ लागले. कुणी क्षणभर बसे, कुणी बसायच्या आधीच उठे. पाणी ओले नसते असे म्हणणारे गृहस्थ कमरेएवढ्या पाण्यात शिरले. "कसं काय, ओलं आहे का?" त्यांना तरलेने विचारले. "आहे हो, आहे, चांगलं गार आहे!" ते दात वाजवीत म्हणाले. गाळात काठ्यांची ओळ उभी राहिली आणि नगराचे बैल दोराला लागले.

शेवटी बांधावर कुणीच विरोधक उरला नाही. राजा काम बघायला आला होता. बाळ त्याच्या हातात आले. तो छत्राखाली पाटावर बसला आणि बाळ त्याच्या मांडीवर झोपी गेले. राजा हलेना.

तेवढ्यात सुयामाच्या टोपलीचे बूड सुटले. पिंगलाने इकडेतिकडे पाहिले. जवळ दुसरी टोपली नव्हती. तो बांधावर चढला आणि राजापुढे हात जोडून म्हणाला, "महाराज, ते छत्र हवं होतं. उलटं धरलं तर बराच गाळ मावेल."

"न्या, न्या," राजा कुजबुजत म्हणाला. "पण हळू बोला, ही झोपली आहे." आणि त्याने आपले उपरणे बाळाच्या डोक्यावर धरले.

पांढरे छत्र उलटे झाले. त्यात गाळ भरून पिंगलाने एक बाजू धरली, सुयामाने दुसरी. दोघे म्हातारे हसत हसत, घसरत घसरत ते वाहू लागले. काही खेपांनी छत्र फाटले. पण तोवर जांभळीचे झाड मोठा आवाज करीत उपटून निघाले, सांडवा मोकळा झाला आणि पाणी ओरडत बाहेर धावले. संध्याकाळपर्यंत तळे पुरुषभर खाली गेले. तळवाड्यातल्या ओसऱ्या पुढे चारआठ दिवसांत वाळल्या.

दुसऱ्या दिवशी राजाने सुयामाला बोलावले. "ही रीत मोडून टाकू का?" त्याने विचारले.

"कशाला, महाराज?" सुयाम म्हणाला. "दोर मुळाशी बांधायला विरोधकानेच सांगितलं. रीत राहू द्या. छत्र तेवढं पुन्हा शिवू नका. आणि धुरा ज्याच्याकडे जाईल त्याने पहिली टोपली आपल्या डोक्यावर घ्यावी. मग ज्याला खरी भीती वाटते तोच नाही म्हणेल, आणि ज्याला खरं हवं आहे त्याला हो म्हणायला लाज वाटणार नाही. तळवाड्यालाही काठ्या द्या. पाणी आधी त्यांच्या चुलीत जातं."

राजाने तसेच केले. उजव्या हाताची जागा त्याने सुयामाला देऊ केली. सुयाम म्हणाला, "तिथे बांधाखालच्या वस्तीतलं कुणीतरी बसवा, महाराज." मग राजाने आंधळ्या बुरूडआजोबांना तिथे बसवले. ते पाण्याच्या आवाजावरून तळे किती भरले ते सांगत.

पिंगलाची जीभ ताळ्यावर यायला मात्र वेळ लागला. पुष्कळ दिवस तो आधी "छे!" म्हणे आणि मग "म्हणजे हो" म्हणे. उत्पलेलाही आमटी वाढताना दोनदा विचारावे लागे.

ही गोष्ट शास्त्याने, म्हणजे पुढे बुद्ध झालेल्या त्याच बोधिसत्त्वाने, एका विहारात सांगितली. तिथल्या भिक्षूंमध्ये वडीलपणाच्या आसनावरून गोड चढाओढ चालली होती. प्रत्येक जण "मी अपात्र, मी नको" असे मोठ्याने म्हणे आणि कुणीतरी आपल्याला आग्रह करील म्हणून वाट बघे. आणि आजारी भिक्षूंच्या खोलीत पाणी भरायचे काम त्यांच्यातला कुणीच करीत नव्हता. गोष्ट संपल्यावर शास्ता म्हणाला, "भिक्षूंनो, त्या वेळचा पिंगल म्हणजे आज सर्वांत मोठ्याने 'मी नको' म्हणणारा हा तिष्यक. मेघक म्हणजे त्याच्यामागोमाग म्हणणारा हा कुंडल. तेव्हाची तरला म्हणजे न सांगता आजाऱ्यांसाठी पाणी आणून ठेवणारी, शेजारच्या गावातली ती उपासिका. मवाळ राजा म्हणजे आपल्या विहाराचा म्हातारा द्वारपाल. सभेतले गृहस्थ म्हणजे तुम्ही सारे. आणि सुयाम अमात्य म्हणजे मीच होतो."

हे ऐकून तिष्यक आधी लाजला, मग हसला, आणि घडा उचलून आजाऱ्यांच्या खोलीकडे गेला. त्याच्यामागे कुंडलही गेला.

मनात हो असेल तर हो म्हणावे, आणि त्या होकाराचे ओझे आपल्याच डोक्यावर घ्यावे. सुयामाने त्या जन्मी पूर्ण केली ती ही सत्यपारमिता, म्हणजे सत्याची परिपूर्णता.